दंड भरला, तरी अपील उरते का?

१. प्रश्न

न्यायालयाने दंड ठोठावला, तो लगेच भरून पावतीही घेतली, आता त्याविरुद्ध अपील करता येते का, हा प्रश्न गिरगाव, शिंदेवाडी, भोईवाडा किंवा किल्ला कोर्टातून बाहेर पडणारा सामान्य माणूस हमखास विचारतो, आणि बहुतेक वेळा दंड भरला म्हणजे प्रकरण मिटले असे गृहीत धरून तो उत्तराची वाट न पाहता घरी जातो. उत्तर असे की दंड भरल्याने अपिलाचा हक्क संपत नाही. न्यायालयाचा आदेश पाळणे आणि तो मान्य करणे या कायद्याच्या दृष्टीने दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि अपिलात दोषसिद्धी रद्द झाली तर भरलेली रक्कम परत मिळते.

या उत्तरात आलेला दोषसिद्धी हा शब्द पुढील सर्व विवेचनाचा कणा आहे. फौजदारी खटल्यात न्यायालय आधी आरोपीने गुन्हा केला असा निष्कर्ष नोंदवते आणि मग त्या गुन्ह्याची शिक्षा सांगते. पहिला भाग म्हणजे दोषसिद्धी आणि दुसरा भाग म्हणजे शिक्षा. दंड हा शिक्षेचा भाग असल्यामुळे तो भरून शिक्षा संपते, परंतु दोषसिद्धी नोंदीत राहते आणि नोकरी, परवाना किंवा पुढील एखादा खटला यांच्या वेळी ती पुन्हा समोर येते. रक्कम लहान म्हणून दोषसिद्धी लहान होत नाही, आणि अपिलाचा विचार करताना रकमेपेक्षा तिच्याकडे पाहिले पाहिजे.

२. कोणता दंड न्यायालयाचा असतो

व्यवहारात दंड हा शब्द फार सैलपणे वापरला जातो. वाहतूक पोलिसांचे ई-चलन किंवा रस्त्यावर थुंकल्याबद्दल महापालिकेने फाडलेली पावती यांत न्यायालयाचा निर्णय झालेला नसतो. प्रकरण न्यायालयात न नेता ठरावीक रक्कम भरून मिटवण्याची ती सोय असते. तिथे अपील करण्याजोगा निकालच नसल्यामुळे, आरोप मान्य नसेल तर रक्कम न भरता संबंधित यंत्रणेकडे तक्रार करणे किंवा प्रकरण दंडाधिकाऱ्यांपुढे गेल्यावर तिथे बचाव मांडणे हा मार्ग राहतो.

दुसऱ्या टोकाला उच्च न्यायालयाने रिट याचिकेत भरायला लावलेली रक्कम असते. घाटकोपरच्या बसमधील बॉम्बस्फोटानंतर ३० जुलै २००३ रोजी पुकारलेल्या मुंबई बंदबद्दल उच्च न्यायालयाने २००४ मध्ये शिवसेना आणि भारतीय जनता पक्ष यांना प्रत्येकी २० लाख रुपये भरण्याचा आदेश दिला. वर्तमानपत्रांनी त्याला दंड म्हटले, परंतु तो एखाद्या आरोपीवरील फौजदारी खटल्याचा निकाल नव्हता. अशा आदेशाविरुद्ध सत्र न्यायालयाचा दरवाजा उपयोगी पडत नाही आणि सर्वोच्च न्यायालयाकडे विशेष अनुमती मागावी लागते. पुढील विवेचन या दोन टोकांच्या मधल्या दंडाविषयी आहे, म्हणजे फौजदारी खटल्याच्या शेवटी दंडाधिकाऱ्यांनी शिक्षा म्हणून सुनावलेल्या दंडाविषयी.

३. र. धों. कर्वे यांचे १०० रुपये

मुंबईच्या मराठी सार्वजनिक जीवनात अशा दंडाचे सर्वांत बोलके उदाहरण रघुनाथ धोंडो कर्वे यांचे आहे. गिरगाव चौपाटीसमोरील विल्सन महाविद्यालयात गणित शिकवणाऱ्या कर्वे यांना संततिनियमनाच्या प्रचारापायी प्राध्यापकी सोडावी लागली आणि जुलै १९२७ पासून त्यांनी ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक सुरू केले. त्यातील व्यभिचाराच्या प्रश्नावरील लेखनाबद्दल १९३१ मध्ये त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला आणि १०० रुपये दंड झाला. कर्वे यांनी उच्च न्यायालयात दाद मागितली, ती फेटाळली गेली. १९३४ मध्ये वाचकांच्या प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवरून पुन्हा खटला उभा राहिला. त्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी कर्वे यांची बाजू मांडली, तरीही निकाल विरोधात गेला आणि २०० रुपये दंड झाला.

दोन्ही वेळा हार झाल्यामुळे हे उदाहरण निरुपयोगी ठरत नाही, उलट ते दोन कारणांनी मोलाचे आहे. पहिले कारण असे की १०० रुपये भरून गप्प बसणे कर्वे यांना शक्य होते, परंतु आपण लिहिलेले अश्लील आहे हा निष्कर्ष त्यांना मान्य नव्हता, म्हणून ते वरच्या न्यायालयात गेले. त्यांचा वाद पैशाशी नव्हता, दोषसिद्धीशी होता. दुसरे कारण आजच्या वाचकाला अधिक जवळचे आहे. भारतीय न्याय संहितेतील अश्लील साहित्यविषयक कलमात पहिल्या दोषसिद्धीला २ वर्षांपर्यंत कैद आणि ५,००० रुपयांपर्यंत दंड आहे, तर दुसऱ्या दोषसिद्धीला तीच मर्यादा ५ वर्षे आणि १०,००० रुपये होते. पहिल्या वेळी थोडक्यात सुटलो असे समजून जो अपील करत नाही, त्याच्या दुसऱ्या खटल्याची सुरुवातच जड पारड्याने होते. अशी चढती शिक्षा सांगणारे कायदे आणखीही आहेत.

४. अपील कोठे आणि केव्हा चालते

१ जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रिया संहितेची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने घेतली आहे. तिच्यानुसार प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांच्या निकालाविरुद्ध अपील सत्र न्यायालयात होते. दादर, परळ, लालबाग किंवा गिरगाव येथील प्रकरणांसाठी ते बृहन्मुंबईचे सत्र न्यायालय होय. सत्र न्यायालयाने स्वतः खटला चालवून शिक्षा दिली असेल, तर अपील उच्च न्यायालयात जाते.

मात्र प्रत्येक दंडाविरुद्ध अपील नसते. अगदी किरकोळ शिक्षांसाठी संहितेच्या कलम ४१७ ने दार बंद ठेवले आहे. प्रथमवर्ग दंडाधिकाऱ्यांनी केवळ १०० रुपयांपर्यंत दंड केला असेल, किंवा संक्षिप्त खटल्यात, म्हणजे किरकोळ गुन्ह्यांसाठीच्या थोडक्यात आटोपणाऱ्या सुनावणीत, केवळ २०० रुपयांपर्यंत दंड झाला असेल, तर अपील चालत नाही. सत्र न्यायालयाच्या बाबतीत ही मर्यादा ३ महिन्यांची कैद किंवा २०० रुपये दंड किंवा दोन्ही, अशी आहे. एकाच प्रकरणात अनेक दंड असतील तर त्यांची बेरीज पाहिली जाते. याचा अर्थ असा की कर्वे यांचा १०० रुपयांचा दंड आज प्रथमवर्ग दंडाधिकाऱ्यांनी केला असता, तर त्याविरुद्ध अपील चालले नसते आणि १०१ रुपयांविरुद्ध चालले असते.

या आकड्यांत एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. १०० आणि २०० रुपयांच्या या मर्यादा १९७३ च्या संहितेतून जशाच्या तशा पुढे आल्या, तर प्रथमवर्ग दंडाधिकाऱ्यांची दंड करण्याची सर्वसाधारण कमाल मर्यादा १०,००० रुपयांवरून ५०,००० रुपयांवर गेली. रुपयाची किंमत घसरत गेली आणि मर्यादा जागच्या जागी राहिली, त्यामुळे पूर्वी अपिलाच्या बाहेर राहणारे दंड आज बहुतांशी अपिलाच्या कक्षेत येतात. कायदा करणाऱ्यांनी हे हेतुपूर्वक केले असो वा नसो, सामान्य आरोपीच्या दृष्टीने ते हिताचे झाले आहे आणि ही मर्यादा वाढवण्याची मागणी कधी झालीच, तर तिला विरोध होणे योग्य ठरेल.

खालच्या न्यायालयात खटला चालणे हे आरोपीला कमीपणाचे वाटते, पण त्यातच त्याचे संरक्षण असते, हे लोकमान्य टिळकांच्या खटल्यावरून दिसते. १९०८ चा राजद्रोहाचा खटला थेट मुंबई उच्च न्यायालयात ज्युरीपुढे चालला, ज्युरीचे मत सात विरुद्ध दोन असे पडले आणि २२ जुलै रोजी न्या. दावर यांनी ६ वर्षे काळे पाणी आणि १,००० रुपये दंड अशी शिक्षा सुनावली. ज्या न्यायालयात दाद मागायची तेथेच मूळ खटला झाल्यामुळे पुराव्याची नव्याने छाननी करणारे अपिलाचे न्यायालय टिळकांना उरले नाही. प्रिव्ही कौन्सिलकडे जाण्यासाठी परवानगी मागावी लागली आणि ती मिळाली नाही. परळ-लालबागच्या गिरणी कामगारांनी ६ वर्षांच्या शिक्षेला ६ दिवसांच्या संपाने उत्तर दिले, ते न्यायालयाबाहेरचे उत्तर होते.

५. “गुन्हा कबूल आहे” या शब्दांची किंमत

अपिलाचा हक्क वरच्या न्यायालयात गमावला जातो त्यापेक्षा कितीतरी जास्त वेळा तो दंडाधिकाऱ्यांपुढे उभे राहिल्यावर पहिल्या काही मिनिटांत गमावला जातो. तारखा पडत राहतील, कामाचा खाडा होईल, कबूल केले तर थोड्या दंडावर सुटका होईल, असा सल्ला आरोपीला कोणीतरी देतो आणि तो कबुली देऊन मोकळा होतो. संहितेच्या कलम ४१६ नुसार, दंडाधिकारी किंवा सत्र न्यायालयापुढे कबुली देऊन ज्याला दोषी ठरवले गेले, त्याला दोषसिद्धीविरुद्ध अपील करता येत नाही. शिक्षेचे प्रमाण आणि तिची कायदेशीरता एवढ्याच मुद्द्यांवर तो अपील करू शकतो.

एका उदाहरणाने हे स्पष्ट होईल. एखाद्या गुन्ह्याला कमाल ५,००० रुपये दंड आहे, आरोपीने कबुली दिली आणि त्याला ८,००० रुपये दंड झाला, तर दंड कायद्याबाहेरचा आहे म्हणून अपील चालेल. दंड ४,००० रुपये असेल तर तो परिस्थितीच्या मानाने जास्त आहे म्हणूनही अपील चालेल. परंतु दोन्ही प्रसंगी आपण तो गुन्हा केलाच नव्हता, हे सांगण्याची वेळ निघून गेलेली असते.

कबुली शक्यतो आरोपीच्या स्वतःच्या शब्दांत नोंदवावी असे कायदा सांगतो, आणि या नियमाला अर्थ आहे. आरोप कोणता हे न समजता नुसती मान हलवून झालेली कबुली ही खरी कबुली आहे का, हा मुद्दा वरच्या न्यायालयात उपस्थित करता येतो. किरकोळ गुन्ह्यांत समन्समध्येच दंडाची रक्कम नमूद करून कबुली आणि पैसे टपालाने पाठवण्याची सोय असते. ती सोयीची असली, तरी तिथे पाठवलेली कबुलीही कबुलीच असते.

६. तीस दिवसांचा हिशेब

दंडाधिकाऱ्यांच्या निकालाविरुद्ध सत्र न्यायालयात अपील करण्यास मुदत अधिनियम १९६३ नुसार ३० दिवस मिळतात आणि सत्र न्यायालयाच्या निकालाविरुद्ध उच्च न्यायालयात जाण्यास ६० दिवस. निकालाचा दिवस यात मोजत नाहीत, आणि निकालाची प्रमाणित प्रत मिळवण्यासाठी लागलेले दिवसही वगळले जातात. प्रमाणित प्रत म्हणजे न्यायालयाच्या शिक्क्यानिशी मिळणारी अधिकृत नक्कल. तिच्याशिवाय अपील दाखल होत नाही. अपील करता येण्याजोगा निकाल असेल तर आरोपीने अर्ज केल्यावर ती विनाविलंब आणि विनामूल्य द्यावी, असे संहितेत स्पष्ट लिहिले आहे. ही तरतूद फार थोड्यांना माहीत असते.

समजा, निकाल ३ मार्चला लागला. ३० दिवस २ एप्रिलला पुरे होतात. आरोपीने १० मार्चला प्रतीसाठी अर्ज केला आणि प्रत २४ मार्चला तयार झाली, तर हे दोन्ही दिवस धरून १५ दिवस वगळले जातात आणि मुदत १७ एप्रिलपर्यंत जाते. अर्ज करण्याआधी घालवलेले ३ ते १० मार्चमधील दिवस मात्र कोणी परत देत नाही. म्हणून निकालाच्या दिवशीच प्रतीचा अर्ज देणे शहाणपणाचे असते. शेवटच्या दिवशी न्यायालय बंद असेल, तर उघडण्याच्या पहिल्या दिवशी केलेले अपील मुदतीत धरतात.

मुदत टळली तरी सर्व संपत नाही. उशीर का झाला याचे समाधानकारक कारण देणारा विलंब माफीचा अर्ज अपिलासोबत जोडावा लागतो. केईएम रुग्णालयात उपचार सुरू होते हे कारण कागदपत्रांसह दिले तर ते टिकू शकते. कायदा माहीत नव्हता एवढेच कारण सहसा टिकत नाही. अपिलाचा खर्च झेपत नसेल, तर विधी सेवा प्राधिकरणाकडे विनामूल्य वकील मागता येतो. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमानुसार स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती, दिव्यांग आणि औद्योगिक कामगार यांना उत्पन्नाची अट न लावता ही मदत मिळते. गिरणगावातल्या कुटुंबांना यातील शेवटचा शब्द विशेष परिचयाचा आहे.

७. अपील चालू असताना दंडाचे काय

अपील दाखल केल्याने दंडाची वसुली आपोआप थांबत नाही. शिक्षेच्या अंमलबजावणीला स्थगिती मिळावी असा वेगळा अर्ज अपिलाच्या न्यायालयात द्यावा लागतो. त्याच्याही आधी, निकालाच्या दिवशी, रक्कम तात्काळ भरणे शक्य नसेल, तर मूळ न्यायालयाकडेच सवलत मागता येते. केवळ दंड आणि तो न भरल्यास कैद अशी शिक्षा असेल, तर न्यायालय ३० दिवसांपर्यंत मुदत किंवा दोन-तीन हप्ते देऊन आरोपीला बंधपत्रावर सोडू शकते.

दंड न भरल्यास भोगायच्या कैदेविषयी गैरसमज फार आहेत. ती मूळ गुन्ह्याची शिक्षा नसून पैसे न भरल्याचा परिणाम असते आणि भरलेल्या रकमेच्या प्रमाणात ती कमी होते. ५,००० रुपये दंड आणि न भरल्यास ३० दिवस साधी कैद असेल आणि २,००० रुपये भरले, तर १८ दिवसांनंतर सुटका होते. संपूर्ण कैद भोगली तर त्यानंतर मालमत्तेवर जप्तीचे वॉरंट काढण्यासाठी न्यायालयाला विशेष कारणे लेखी नोंदवावी लागतात.

धनादेश न वटल्याच्या खटल्यांना वेगळा नियम लागतो, आणि व्यापारी वस्तीत हेच खटले जास्त असतात. परक्राम्य संलेख अधिनियमात २०१८ मध्ये घातलेल्या कलम १४८ नुसार, धनादेश देणाऱ्याने दोषसिद्धीविरुद्ध अपील केले तर अपिलाचे न्यायालय त्याला दंडाच्या किंवा नुकसानभरपाईच्या किमान २० टक्के रक्कम जमा करायला सांगू शकते. लालबागमधील एखाद्या मसाला विक्रेत्याचा ३ लाखांचा धनादेश वटला नाही आणि दंडाधिकाऱ्यांनी ४ लाख ५० हजार रुपये भरपाई ठरवली, तर अपिलासाठी किमान ९०,००० रुपये ६० दिवसांत भरण्याचा आदेश होऊ शकतो. पुरेसे कारण दाखवले तर आणखी ३० दिवस मिळतात. अपिलात निर्दोष ठरल्यास ही रक्कम व्याजासह परत मिळते. सर्वोच्च न्यायालयाने सुरुवातीला ही अट जवळजवळ नेहमी लावावी असा कल दाखवला, परंतु २०२३ मध्ये अपवादात्मक प्रकरणात, जिथे अशी अट घातल्याने अपिलाचा हक्कच हिरावला जाईल तिथे, सूट देता येते असे स्पष्ट केले. ज्याच्याकडे पैसे नाहीत म्हणून धनादेश वटला नाही, त्याच्याकडेच अपिलासाठी पैसे मागण्यातील अडचण या निकालाने ओळखली.

८. अपिलाचे न्यायालय काय करू शकते

अपील केले तर दंड वाढेल ही भीती बहुतांशी निराधार आहे. दोषी ठरलेल्याने स्वतः केलेल्या अपिलात न्यायालय निर्दोष सोडू शकते, फेरखटल्याचा आदेश देऊ शकते, गुन्ह्याचे कलम बदलू शकते किंवा शिक्षा कमी करू शकते, पण त्या अपिलात शिक्षा वाढवू शकत नाही. वाढीसाठी सरकारला स्वतंत्र अपील करावे लागते आणि आरोपीला म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते. दोषसिद्धी कायम राहिली तरी, योग्य प्रकरणात अपराधी परिवीक्षा अधिनियम १९५८ खाली समज देऊन सोडण्याची विनंती अपिलातही करता येते. ती मान्य झाल्यास दोषसिद्धीमुळे येणारी अपात्रता लागू होत नाही, म्हणून नोकरीत असलेल्या माणसासाठी ही विनंती दंडकपातीपेक्षा अधिक मोलाची असते.

अपील चालत नसेल किंवा सत्र न्यायालयाने ते फेटाळले असेल, तर पुनरीक्षण उरते. वकील त्याला रिव्हिजन म्हणतात आणि त्यासाठी ९० दिवसांची मुदत असते. दोहोंतील फरक किराणा दुकानाच्या वहीवरून समजतो. अपिलात प्रत्येक पावती काढून जमाखर्च पुन्हा मांडला जातो. पुनरीक्षणात पावत्या तशाच ठेवून वही नियमाप्रमाणे लिहिली आहे का आणि बेरजेत ढोबळ चूक आहे का, एवढे पाहिले जाते. म्हणूनच ज्याला अपील उपलब्ध होते आणि ज्याने ते केले नाही, त्याला पुनरीक्षणाचा मार्ग वापरता येत नाही. चुकून, अपील नाही अशा प्रामाणिक समजुतीने पुनरीक्षण दाखल झाले असेल, तर उच्च न्यायालय न्यायासाठी त्यालाच अपील मानू शकते.

९. मृत्यूनंतरचा दंड

फौजदारी अपील चालू असताना अपील करणाऱ्याचा मृत्यू झाला, तर सर्वसाधारणपणे ते तिथेच संपते, कारण कैद भोगायला माणूसच राहिलेला नसतो. दंडाच्या शिक्षेविरुद्धचे अपील याला अपवाद आहे. शिक्षेनंतर ६ वर्षांपर्यंत दंड वसूल होऊ शकतो आणि मृत्यूनंतरही मृताच्या कर्जासाठी जी मालमत्ता जबाबदार असते ती दंडातून सुटत नाही, म्हणून वारसांचा पैशाचा संबंध शिल्लक राहतो. परळच्या एखाद्या दुकानदाराला मोठा दंड झाला, अपील प्रलंबित असताना तो वारला आणि दुकान पत्नी व मुलांकडे आले, तर ते अपील पुढे चालवून दोषसिद्धी आणि दंड या दोहोंना आव्हान देत राहू शकतात. निकाल त्यांच्या बाजूने लागला, तर आधी भरलेली रक्कम मृताच्या मालमत्तेत परत येते आणि त्याच्या नावावरील दोषसिद्धीही पुसली जाते.